रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेतली पंचवटी नाशिकची होती का?

नाही हो. चित्रीकरण मुख्यतः गुजरातेतल्या उंबरगावला झालं, पर्णकुटीचा सेटही तिकडचाच.

मालिका २५ जानेवारी १९८७ ला दूरदर्शनवर सुरू झाली, जुलै १९८८ पर्यंत चालली. रविवारी सकाळी साडेनऊला आमच्या पंचवटीतल्या वाड्यात एकाच घरी टीव्ही. चित्राला मुंग्या आल्या की मला कौलांवर पिटाळायचे, मी अँटेना फिरवत ओरडायचो, “आलं का?” खालून, “आलं, आलं... गेलं!” शूर्पणखेचं नाक मी असं अर्धंच पाहिलं. आणि नाशिक हे नाव त्याच नाकावरून पडलं म्हणतात! आजी मात्र चिडलेली: “ही कसली गोदावरी? रामकुंड कुठंय?”

खरी जागा बघायची तर काळाराम मंदिराजवळ सीतागुंफेपाशी या. पाच वड तिथेच दाखवतात. गुंफेत वाकून, जवळजवळ बसूनच उतरावं लागतं, गुडघे दुखत असतील तर बाहेरूनच नमस्कार करा. मग तपोवनात कपिला-गोदावरी संगमावर जा. लक्ष्मणाने नाक कापलं ते तिथेच, असं सांगतात. रविवारी मात्र येऊ नका, गाडी लावायला जागा मिळत नाही.