सामायिक ग्रंथालय की सामाईक लायब्ररी?

सांगलीच्या विश्रामबागेत झेरॉक्स-टायपिंगचं दुकान चालवणाऱ्या एका वाचकाने विचारलंय : "कॉम्प्युटरवरच्या फायरवॉलने मराठीत सूचना दाखवली, 'या प्रोग्रॅमचे सामायिक ग्रंथालय बदलले आहे. परवानगी द्यावी का?' यात ग्रंथालय कुठून आलं? आणि 'सामायिक' बरोबर की 'सामाईक'?"

दुसरा प्रश्न आधी घेतो, कारण त्याचं उत्तर तुमच्या सांगलीतच आहे. ओळखीच्या जैन घरात विचारून बघा. 'आजी सामायिकाला बसल्यात' याचा तिथे एकच अर्थ : दोन घटका, म्हणजे 48 मिनिटं, मन समभावात ठेवून बसणं. विहीर, बांध, सातबाऱ्यावरचं खातं यांच्याबद्दल बोलताना मात्र आपल्या तोंडी 'सामाईक' येतं. शाळेत मसावि काढताना विभाजकही सामाईकच असतो. 'सामायिक विहीर' असं लिहिलेलंही सापडतं आणि ते चूक म्हणणार नाही. पण दोन अर्थांना दोन रूपं वापरात असताना ती एकमेकांत मिसळू नयेत असं मला मनापासून वाटतं. 'सामयिक' हा तिसरा शब्द समयाशी बांधलेला आहे, त्याला यात ओढायचं कारण नाही.

तुमच्या सूचनेमागचा मूळ इंग्रजी शब्द 'शेअर्ड लायब्ररी', म्हणजे अनेक प्रोग्रॅमना लागणाऱ्या तयार कामांची एक फाईल. तिच्यासाठी 'सामाईक'च का हवा, हे जरा खोलात जाऊन सांगतो. इंग्रजी 'शेअर' शब्दात दोन गोष्टी एकत्र नांदतात, मराठीने त्या वेगळ्या ठेवल्या आहेत. भावाभावांत जमिनीची वाटणी झाली की ती सामाईक उरत नाही. वाटणी होत नाही तोवरच ती सामाईक. त्यामुळे काही जण 'वाटून घेतलेली फाईल' लिहितात तेव्हा अर्थ नेमका उलटा होतो. या फाईलचे तुकडे कोणी वाटून घेत नाही. ती अख्खी एकच असते आणि अनेक प्रोग्रॅम ती एकाच वेळी वापरतात.

साताऱ्याच्या जुन्या पेठांत दोन घरांमधली सामाईक भिंत असते, ती डोळ्यांपुढे आणा. दोन्ही घरांच्या तुळया तिच्यावर एकाच वेळी टेकलेल्या असतात. विहिरीची उपमा मी मुद्दाम टाळली, कारण तिथे पाळी लागते. इथे पाळी नाही. विंडोजवर इंटरनेटशी बोलणारे बहुतेक प्रोग्रॅम विन्सॉक नावाच्या एकाच लायब्ररीवर असे टेकलेले असतात. विंडोजमध्ये अशा फाईलला डीएलएल म्हणतात, लिनक्समध्ये शेअर्ड ऑब्जेक्ट. ज्या प्रोग्रॅममध्ये लागणारा सगळा कोड आतच भरलेला असतो, त्याने स्वतःची वेगळी भिंत बांधली म्हणायचं. आणि शेजाऱ्याने न विचारता सामाईक भिंतीत कोनाडा खोदला तर? पूर्वी विंडोजवर हे सर्रास व्हायचं. एक प्रोग्रॅम बसवताना त्याने सामाईक फाईलवर आपली जुनी प्रत टाकली, की दुसराच कुठला तरी बंद पडायचा. त्या छळाला 'डीएलएल हेल' असं नावच पडलं होतं.

फायरवॉल हाही मुळात बांधकामातला शब्द, आग शेजारच्या इमारतीत पसरू नये म्हणून बांधलेल्या भिंतीचा. कॉम्प्युटरमधली फायरवॉल कोणाला बाहेर जाऊ द्यायचं ते ठरवते. तिने लायब्ररीची चौकशी का करावी? लायब्ररी प्रोग्रॅमच्या आत शिरून, त्याचाच भाग होऊन चालते. ब्राउझरला तुम्ही परवानगी दिलेली असेल, तर त्याच्या आत शिरलेली लायब्ररीही ब्राउझरच्याच नावावर बाहेर जाऊ शकते. घातक प्रोग्रॅम हीच वाट धरतात. म्हणून काही फायरवॉल आतल्या फायलींवरही नजर ठेवतात आणि एखादी बदललेली दिसली की विचारतात.

आता ग्रंथालय. भाषांतर करणाऱ्याने 'लायब्ररी' शब्दकोशात पाहिला आणि पहिलाच अर्थ उचलला. पण त्या फाईलमध्ये ग्रंथ नाहीत, तयार कामांचा संच आहे : अक्षर उमटवणं, जोडणी उघडणं अशी कामं. शिवाय ग्रंथालयातलं पुस्तक एकाने घरी नेलं की दुसऱ्याला थांबावं लागतं, इथे कोणालाच थांबावं लागत नाही. 'संग्रह' चालला असता, पण तो ऐकून कवितासंग्रह आठवतो. या कामातली माणसं 'लायब्ररी'च म्हणतात. तो शब्द आपल्या बोलण्यात मुरलेला आहे, तोच ठेवावा. फक्त पुढे 'फाईल' जोडली की नगर वाचनालयाची आठवण येत नाही.

तुमच्या पडद्यावरची सूचना मी अशी लिहिली असती : 'हा प्रोग्रॅम वापरत असलेली एक सामाईक लायब्ररी फाईल बदलली आहे. तरीही त्याला इंटरनेटवर जाऊ द्यायचे का?' नुकतंच तुम्ही स्वतः विंडोज किंवा तो प्रोग्रॅम अपडेट केला असेल, तर फाईल बदलणं साहजिक आहे, 'हो' म्हणायला हरकत नाही. काहीच केलेलं नसताना सूचना आली, तर आधी 'नाही' म्हणा आणि व्हायरस स्कॅन लावा.