रस्ता अपघाताचा क्लेम कमी मंजूर झालाय? आधी निकालाची तारीख बघ
भावा, हताश होऊ नकोस. मोटार अपघात ट्रिब्युनलच्या, म्हणजे भरपाई ठरवणाऱ्या न्यायाधिकरणाच्या, निकालावर मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खाली हायकोर्टात अपील होतं, पण ९० दिवसांत, म्हणून निकालाच्या सर्टिफाइड कॉपीचा (अधिकृत शिक्क्याच्या नकलेचा) अर्ज आजच टाक. मग निकालात बघ अपंगत्व किती धरलंय, कारण बरेचदा खरी गोची तिथेच असते. डॉक्टर लिहितो ३० टक्के, पण ड्रायव्हरचा पायच निकामी झाला तर त्याची कमाई ३० टक्केच बुडते का रे? सुप्रीम कोर्टाने २०१० मध्येच सांगितलंय की कमाईवर झालेला परिणाम वेगळा मोजायचा. पुढच्या उपचारांचा खर्च, सोबतीला ठेवलेल्या माणसाचा खर्च, हेही सुटलंय का ते वकिलाला नीट विचार, लाजू नकोस.