व्ही-पट्टे वारंवार का तुटतात?

प्रश्न : रबाळे येथील औद्योगिक वसाहतीत आमचा प्लास्टिकचा भंगार माल दळण्याचा छोटा कारखाना आहे. ग्राइंडरला 7.5 अश्वशक्तीची, मिनिटाला 1440 फेरे घेणारी मोटर आहे. मोटरवर 100 मिलिमीटरची आणि ग्राइंडरवर 200 मिलिमीटरची पुली असून दोन्ही शाफ्टमधील अंतर सुमारे अर्धा मीटर आहे. बी-56 मापाचे तीन पट्टे लावतो आणि यंत्र रोज दहा-बारा तास चालते. काही महिन्यांतच पट्ट्यांना आतल्या बाजूने आडव्या भेगा पडतात आणि एखादा तुटतो. मग तुटलेला तेवढाच बदलतो. आमचा फिटर चार खाचांची पुली करून घ्या म्हणतो, तर दुकानदार एसपीबी पट्टे सुचवतो. कोणाचे ऐकावे?
— एक वाचक, नवी मुंबई

उत्तर : आपण भेगांचे वर्णन नेमके केले आहे आणि त्यातच बहुतेक उत्तर दडलेले आहे. भार जास्त झाल्यामुळे किंवा ताण कमी पडल्यामुळे पट्टा घसरत असेल, तर त्याच्या कडा तापून चकचकीत आणि कडक होतात. आतल्या अंगाला आडव्या भेगा पडतात त्या मुख्यतः पट्टा फार लहान पुलीवरून वाकत असल्यामुळे. बी छेदाच्या, म्हणजे क्रमांकातील ‘बी’ अक्षराने दाखवलेल्या रुंदी-जाडीच्या, पट्ट्यासाठी पुलीचा किमान व्यास 125 मिलिमीटर धरतात. आपली मोटरपुली 100 मिलिमीटरची आहे. मिनिटाला शेकडो वेळा पट्टा त्या लहान पुलीभोवती मर्यादेपलीकडे वाकतो, आतून तापतो आणि त्याचे रबर फाटू लागते. चौथा पट्टा लावल्याने प्रत्येकाच्या वाट्याचा भार कमी होईल. वाकणे मात्र तितकेच राहील आणि तीनऐवजी चार पट्ट्यांना भेगा पडतील.

दुकानदाराचा सल्ला याहून अडचणीचा आहे. एसपीबी पट्टा बीइतक्याच रुंदीचा असला तरी त्याची जाडी जास्त असते, त्यामुळे तो अधिक शक्ती वाहतो. पण त्याच जाडीमुळे त्याला किमान 140 मिलिमीटरची पुली लागते. म्हणजे सध्याच्या पुलीवर तो बीपेक्षाही लवकर जाईल.

खरा उपाय दोन्ही पुल्या एकाच प्रमाणात मोठ्या करण्याचा आहे. मोटरवर 160 आणि ग्राइंडरवर 315 मिलिमीटरची पुली बसवल्यास ग्राइंडरचे फेरे 720 वरून साधारण 731 होतील, म्हणजे दळण्यात जाणवण्यासारखा फरक पडणार नाही. पट्ट्याचा वेग मात्र सेकंदाला 7.5 मीटरवरून 12 मीटरवर जाईल. तीच शक्ती जास्त वेगाने वाहायची असली की ओढ कमी लागते : 5.5 किलोवॅटसाठी आज सुमारे 730 न्यूटनची निव्वळ ओढ लागते, ती 455 न्यूटनच्या आसपास येईल आणि मोटरच्या बेअरिंगवरचा भारही हलका होईल. पुल्यांचा खर्च एकदाच करायचा असतो, पट्ट्यांचा दर काही महिन्यांनी. म्हणून या बाबतीत काटकसर करू नये असे मला वाटते.

आता पट्ट्यांची संख्या पाहू. भंगार दळताना धक्के बसतात, म्हणून मोटरची 5.5 किलोवॅट शक्ती तशीच न धरता तिला सेवागुणकाने गुणावे. आपल्या यंत्रासाठी तो 1.5 धरला, तर पट्टे 8.25 किलोवॅटसाठी निवडावे लागतील. तीन पट्ट्यांत प्रत्येकी 2.75 किलोवॅट येतात. लहान पुलीवर पट्ट्याचा विळखा पूर्ण 180 अंशांचा नसून सुमारे 162 अंशांचा असल्याने आणि लांबीचाही थोडा परिणाम होत असल्याने हा आकडा 3 किलोवॅटपर्यंत धरावा. पट्टे बनवणाऱ्या कंपनीच्या तक्त्यात 160 मिलिमीटरची पुली आणि 1440 फेरे यांच्यासमोर दिलेली प्रतिपट्टा शक्ती त्याहून कमी नसेल, तर तीन पट्टे पुरतील. कमी असेल तरच फिटरचे ऐकून चौथी खाच घ्यावी.

लांबीही बदलेल. शाफ्टमधील अंतराची दुप्पट, दोन्ही व्यासांच्या बेरजेची 1.57 पट आणि व्यासांतील फरकाच्या वर्गाला अंतराच्या चौपटीने भागून येणारी संख्या, या तिघांची बेरीज म्हणजे पट्ट्याची लांबी. आपल्या बाबतीत ती सुमारे 1758 मिलिमीटर येते. पट्ट्यावरील क्रमांक मात्र आतल्या लांबीचा, इंचांत असतो आणि बी छेदात आतल्या लांबीपेक्षा ही लांबी 43 मिलिमीटरने जास्त असते. त्यामुळे जवळचे माप बी-68 ठरते. मोटर रुळांवर सहा-सात मिलिमीटर मागे घेतली की ते जुळेल.

पुल्या वागळे इस्टेटमध्ये किंवा जवळच्या एखाद्या लेथवर करून घेणार असाल, तर खाचांच्या कोनाबद्दल आधीच बोलून घ्यावे. पट्ट्याचा कोन 40 अंशांचा असला तरी वाकताना तो आतून फुगतो आणि त्याचा कोन कमी होतो. म्हणून 160 मिलिमीटरच्या पुलीची खाच 34 अंशांची आणि 315 मिलिमीटरच्या पुलीची 38 अंशांची हवी. दोन्ही एकाच हत्याराने कापल्या, तर एका पुलीवर पट्टा फक्त वरच्या किंवा खालच्या कडेनेच टेकेल. तसेच वर दिलेले व्यास खाचेतील पट्ट्याच्या तटस्थ रेषेवरचे, म्हणजे पट्टा वाकताना जी ताणली किंवा दबली जात नाही त्या रेषेवरचे, आहेत. बाहेरून मोजल्यास बी छेदाची पुली त्याहून सुमारे 8 मिलिमीटरने मोठी भरते. पट्टा खाचेच्या तळाला कधीही टेकता कामा नये, कारण त्याची पकड बाजूंवर असते.

यापुढे तुटलेला एकच पट्टा बदलण्याची सवय सोडावी. जुने पट्टे ताणून लांब झालेले असतात, त्यामुळे सारा भार नव्यावर येतो. तिन्ही पट्टे एकाच कंपनीचे आणि एकत्रच बदलावेत. ताण पाहताना मोकळ्या भागाच्या मध्यावर स्प्रिंगकाट्याने काटकोनात ओढावे. दर मीटरला 16, म्हणजे आपल्याकडे साधारण 8 मिलिमीटर झोल येण्यासाठी लागणारा जोर तक्त्यातील मर्यादेत असावा. नवे पट्टे पहिल्या दिवसाच्या कामानंतर थोडे सैल होतात, तेव्हा ताण पुन्हा घ्यावा. राळ किंवा चिकट मलम मात्र व्ही-पट्ट्याला लावू नये. आपल्या कारखान्यात तर त्यावर प्लास्टिकचा भुगा बसून खाचा भरतील. त्याच कारणासाठी पट्ट्यांवर जाळीचे आवरण ठेवून, यंत्र बंद करून दर आठवड्याला खाचा कोरड्या ब्रशने साफ कराव्यात.