गावाने बोलावलेलं उत्खनन : नुनालेकविषयी प्रश्नोत्तरे

प्रश्न : उत्खननात स्थानिकांना सोबत घेणं म्हणजे खोदायला गावातले मजूर लावणं, एवढंच ना?

नाही. नैऋत्य अलास्कातल्या क्विन्हागॅक गावाचं उदाहरण घ्या. किनाऱ्यावर जुन्या लाकडी वस्तू वाहून येऊ लागल्या, तेव्हा तिथल्या युपिक या मूळ रहिवाशांच्या कानिर्तूक या गावकंपनीने पुरातत्त्वज्ञ रिक नेक्ट यांना स्वतःहून बोलावलं. मूळ रहिवाशांच्या जमीनहक्कांबद्दलच्या १९७१च्या कायद्यामुळे तिथली जमीन या कंपनीची. त्यामुळे परवानगी गावाने द्यायची. पूर्वजांची जागा उकरायला ज्येष्ठ मंडळी आधी राजी नव्हती. पण गोठलेली जमीन वितळतेय आणि लाटा काठ खातायत, तेव्हा आपण नाही काढलं तर समुद्र नेणारच, हे पटलं. २००९ मध्ये स्कॉटलंडच्या ॲबर्डीन विद्यापीठाबरोबर नुनालेक या जुन्या युपिक वस्तीचं उत्खनन सुरू झालं.

प्रश्न : तोंडी कथांवर शास्त्रज्ञ विश्वास ठेवतात?

आंधळेपणाने नाही, पण इथे कथा आणि माती जुळली. युपिक लोक ‘धनुष्यबाणांच्या युद्धां’ची गोष्ट सांगत आले आहेत : खेळताना एका मुलाचा नेम चुकला, दुसऱ्याचा डोळा गेला, त्याच्या बापाने सूड म्हणून नेम चुकलेल्या मुलाचे दोन्ही डोळे फोडले, आणि गावंच्या गावं एकमेकांवर उठली. खणताना काय निघालं? सतराव्या शतकातलं, जळून गेलेलं मातीच्या भिंतींचं घर आणि त्यात बाणांची टोकं. डोळ्याचा तपशील खरा की नाही, हे माती सांगणार नाही. हल्ला आणि आग मात्र खरी.

प्रश्न : शेवटी वस्तू परदेशी संग्रहालयातच ना?

गेल्या, पण उपचारांपुरत्या. गोठलेल्या मातीतलं लाकूड बाहेर काढून तसंच वाळू दिलं तर तडकतं. म्हणून ॲबर्डीनला त्यात मेणासारखं रसायन मुरवलं. मुखवटे, बाहुल्या, बायकांचे अर्धचंद्राकृती पात्यांचे सुरे, सगळं परत आलं. २०१८ पासून गावातच सांस्कृतिक केंद्र आहे. तिथे गावकरी वस्तू हातात घेऊन बघतात. काचेबाहेरून बघून कोरीवकाम करणाऱ्याला काय कळणार?

प्रश्न : पूर्वी असं नव्हतं?

मुळीच नव्हतं. १९३० च्या दशकात मानववंशशास्त्रज्ञ अलेश हर्डलिचका यांनी अलास्कातल्याच कोडियाक बेटावरच्या लार्सन बे इथून सातशेहून अधिक माणसांचे अवशेष उचलून वॉशिंग्टनला नेले. गावाने ते भांडून मिळवले आणि १९९१ मध्ये पुन्हा पुरले.

प्रश्न : आता नुनालेकला धोका टळला का?

उलट वाढला. ऑक्टोबर २०२५ मध्ये हालोंग वादळाच्या उरल्यासुरल्या जोराने किनाऱ्याचा मोठा भाग तुटला आणि वस्तू वाळूत विखुरल्या. त्या वेचायला गावकरीच उतरले.