दुहेरी खेळणारी मुलगी आणि दारात नेलेलं पत्र

प्रश्न : माझी मुलगी अठरा वर्षांची आहे, यंदा बारावी झाली. लहानपणापासून टेनिस खेळते. दुहेरीत राज्य पातळीवर बक्षिसं आहेत, एकेरीत मात्र दुसऱ्या-तिसऱ्या फेरीत हरते. आता १८ वर्षांखालचा गट संपला. घरातली मोठी माणसं म्हणतात, दुहेरीत काय ठेवलंय, आता पुरे. मुलीचं म्हणणं, झेक देशाची बार्बोरा क्रेचिकोव्हा आधी दुहेरीच जिंकायची आणि पुढे तिने विम्बल्डनची एकेरी जिंकली. हे खरं का? आणि आमच्यासारख्यांना ते लागू पडतं का?
(एक आई, तासगाव)

उत्तर : ताई, मुलगी खरं सांगतेय, पण अर्धंच. उरलेलं मी सांगते, कारण तुम्हाला हवं ते उत्तर त्यातच आहे.

बार्बोराचा जन्म १९९५चा, ब्रनो शहरातला. वाढली ती जवळच्या इव्हान्चित्से या लहानशा गावात. २०१३ साली तिने कतेरिना सिनियाकोव्हाला जोडीला घेऊन फ्रेंच, विम्बल्डन आणि अमेरिकन अशा तिन्ही स्पर्धांत मुलींची दुहेरी जिंकली. तरीही अठरा पूर्ण होऊन ज्युनियर गट संपला, तेव्हा त्या घरातही हाच प्रश्न आला : शिकायचं, की टेनिसलाच वाहून घ्यायचं? त्यावर त्यांनी जे केलं ते मला सगळ्या चषकांपेक्षा मोलाचं वाटतं. त्यांनी एक पत्र लिहिलं आणि ते घेऊन याना नोव्होत्नाच्या दारात गेले. याना म्हणजे १९९८ची विम्बल्डन विजेती, तीही ब्रनोचीच. पोरीचा खेळ बघा आणि पुढे काय करावं ते सांगा, एवढंच मागणं होतं. आपल्या सांगली-कोल्हापूरकडे बाप पोराला घेऊन तालमीत वस्तादांपुढे उभा राहतो ना, तसंच ते.

यानाने तिला हाताखाली घेतलं. याना सर्व्हिस करून थेट जाळीकडे धावणारी खेळाडू, महिला दुहेरीची बारा ग्रँड स्लॅम (ऑस्ट्रेलियन, फ्रेंच, विम्बल्डन आणि अमेरिकन या चार सर्वांत मोठ्या स्पर्धा) जिंकलेली. दुहेरी म्हणजे कमीपणा, असं तिच्यासमोर कोण म्हणणार? बार्बोराच्या हातातला स्लाइस (चेंडू कापून खाली ठेवणारा फटका), जाळीजवळची शांत व्हॉली (टप्पा पडण्याआधीचा फटका), उगाच ताकद न लावता चेंडू ठेवण्याची जागा, हे सगळं पाहताना मला यानाचाच खेळ दिसतो. २०१७च्या नोव्हेंबरमध्ये याना कर्करोगाने गेली, अवघ्या ४९व्या वर्षी. खेळाचा आनंद घे आणि एक ग्रँड स्लॅम जिंकायचा प्रयत्न कर, असं तिने जाता जाता सांगितल्याचं बार्बोरानेच पुढे जगाला सांगितलं.

आता नीट वाचा. २०१८मध्ये बार्बोरा आणि सिनियाकोव्हाने फ्रेंच आणि विम्बल्डनची दुहेरी जिंकली. त्याच वर्षी बार्बोरा दुहेरीत जगात पहिली आली. त्या काळात एकेरीत मात्र ती पात्रता फेऱ्या खेळत होती. २०२०च्या सुरुवातीलाही ती पहिल्या शंभरात नव्हती. म्हणजे पत्र नेल्यापासून एकेरीचं दार उघडायला सात वर्षं गेली. २०२१च्या मे महिन्यात स्ट्रासबुर्गला तिने एकेरीची पहिली मोठी स्पर्धा जिंकली आणि लगेच पॅरिसला फ्रेंच ओपन. मानांकन, म्हणजे स्पर्धा वरच्या ३२ खेळाडूंना देते तो क्रमांक, तोही नव्हता. चौथ्या फेरीत स्लोअन स्टीफन्सविरुद्धच्या सामन्याआधी ती फिजिओच्या खोलीत दार लावून रडत होती, आज एकही गेम मिळणार नाही असं तिला वाटत होतं. मानसशास्त्रज्ञाशी बोलून ती कोर्टवर गेली आणि ६-२, ६-० जिंकली. उपांत्य सामन्यात मारिया सक्कारीविरुद्ध एका पॉइंटवर हार आलेली असताना तो मॅच पॉइंट वाचवून ९-७ असा तिसरा सेट घेतला. अंतिम सामन्यात पावल्युचेन्कोव्हाला हरवलं आणि दुसऱ्या दिवशी सिनियाकोव्हाबरोबर दुहेरीही जिंकली. एकेरीचं हे पहिलं ग्रँड स्लॅम येईपर्यंत दुहेरी आणि मिश्र दुहेरी मिळून पाच ग्रँड स्लॅम तिच्याजवळ जमा होती. त्याच उन्हाळ्यात टोकियोला दुहेरीचं ऑलिंपिक सुवर्ण. आणि २०२४ला, पाठीच्या दुखण्यातून उठून, ३१वं मानांकन असताना तिने पाओलिनीला हरवून विम्बल्डनची एकेरी जिंकली. तिथल्या विजेत्यांच्या फलकावर यानाच्या नावासोबत आपलं नाव लागलेलं पाहून तिला रडू आवरलं नाही.

दुहेरीने तिला काय दिलं, ते मी रोज कोर्टवर बघते. आपल्याकडच्या मुली लाल मातीवर बेसलाइनच्या, म्हणजे कोर्टच्या मागच्या रेषेच्या, मागे उभ्या राहून टॉपस्पिन (चेंडू पुढे फिरवत उंच मारलेला फटका) मारत बसतात. जाळीकडे जायची त्यांना भीती वाटते. दुहेरीत तसं चालत नाही. समोर एक जण जाळीशी टपलेली असते, त्यामुळे रिटर्न खाली, तिरका आणि पायांशी ठेवावाच लागतो. दुसरी सर्व्हिस नुसती ढकलली, तर चेंडू अंगावर येतो. ज्या मुलीने हे वर्षानुवर्षं केलंय, तिच्या हातात एकेरीसाठी बरंच काही तयार असतं, फक्त ते कुणीतरी ओळखून बाहेर काढावं लागतं.

लागू पडतं का, या प्रश्नाचं सरळ उत्तर देते. विम्बल्डनचं वचन मी देणार नाही. बार्बोराकडे सतराव्या वर्षी तीन ज्युनियर ग्रँड स्लॅम होती, आणि तिच्या देशात पिढ्यान्‌पिढ्यांचं टेनिस आहे. खर्चाचाही विचार करा, दुहेरीचं बक्षीस एकेरीपेक्षा कमी आणि तेही दोघींत वाटायचं. पण पत्राची गोष्ट तुम्हाला शंभर टक्के लागू आहे. निर्णय घेण्याआधी पुण्यात किंवा कोल्हापुरात, वरच्या पातळीवर खेळलेल्या कुणाला तरी मुलीचा खेळ दाखवा. एकेरीत हरलेल्या सामन्यांचं चित्रीकरण सोबत न्या, जिंकलेल्यांचं नको. महिलांच्या आयटीएफ (आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघ) स्पर्धा पुण्याला डेक्कन जिमखान्यावर आणि सोलापूरलाही झाल्या आहेत, सोलापूर तर एसटीने गाठता येतं. तिथे दिवसभर बसून दुहेरीचे सामने बघू द्या. आणि शिक्षण की टेनिस अशी निवड करायलाच हवी, असं नाही. आपल्या महाराष्ट्राची ऋतुजा भोसले अमेरिकेत टेक्सास ए अँड एम विद्यापीठाकडून खेळली आणि शिकलीही. पुढे हांगझोच्या आशियाई स्पर्धेत तिने रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचं सुवर्ण जिंकलं. तोच बोपण्णा २०२४ला ४३व्या वर्षी ऑस्ट्रेलियन ओपनची पुरुष दुहेरी जिंकला. दुहेरीत काय ठेवलंय, असं घरात पुन्हा कुणी विचारलं, तर ही दोन नावं सांगा.

प्रश्न : १९९३चा विम्बल्डनचा अंतिम सामना मला अजून आठवतो. नोव्होत्नाने हातात आलेला सामना घालवला आणि रडली. अशा खेळाडूकडून दुसऱ्याने काय शिकायचं?
(निवृत्त शिक्षक, सातारा)

उत्तर : सर, तुम्हाला बरोबर आठवतंय. स्टेफी ग्राफविरुद्ध तिसऱ्या सेटमध्ये याना ४-१ पुढे होती, ५-१ करायला एक पॉइंट हवा होता, आणि तिथे तिची डबल फॉल्ट झाली, म्हणजे दोन्ही सर्व्हिस चुकल्या. पुढचे पाचही गेम गेले. बक्षीस घेताना ब्रिटिश राजघराण्यातल्या केंटच्या डचेसच्या खांद्यावर डोकं ठेवून ती रडली. एवढंच नाही, १९९५ला पॅरिसमध्ये चांदा रुबिनविरुद्ध शेवटच्या सेटमध्ये ५-०, ४०-० अशी आघाडी असून ती हरली. १९९७ला विम्बल्डनच्या अंतिम सामन्यात हिंगिसने हरवलं. आणि १९९८ला उपांत्य फेरीत त्याच हिंगिसला, मग अंतिम सामन्यात तोझियाला हरवून तिने चषक घेतला.

माझ्या मते तिची खरी विद्या हीच होती. जिंकता जिंकता हात आखडतो तेव्हा आत काय होतं, हे सगळ्या जगासमोर सोसलेली बाई बार्बोराजवळ होती. पॅरिसच्या त्या खोलीत रडून मग कोर्टवर उतरणारी मुलगी मला तिची शिष्या वाटते ती यासाठी. आणखी एक धागा सांगते. यानाची प्रशिक्षक होती हाना मांडलिकोव्हा. तिने १९८१ला चेकोस्लोव्हाकियाकडून खेळताना फ्रेंच ओपनची एकेरी जिंकली होती. त्यानंतर चाळीस वर्षांनी तो चषक झेक देशात गेला, तो बार्बोराच्या हातातून. तिला चषक दिला प्राग शहरात जन्मलेल्या मार्टिना नवरातिलोव्हाने.

प्रश्न : मुलगी अकरा वर्षांची आहे. दुहेरी कधी सुरू करावी?
(पालक, मिरज)

उत्तर : आत्ताच. आठवड्यातून दोन संध्याकाळी पुरे. जोडीदार दर महिन्याला बदला, आणि निदान निम्मा वेळ तिला जाळीशी उभं करा.