सातव्या मुद्रेची फट

प्रश्न : तुमच्या ‘तमाळखंड’ मालिकेतले आखणकार चार मुद्रा सहज आखतात. त्रिकोणाने दिवा लागतो, चौकोनाने दार बंद होतं, पंचकोनाने जखम भरते, षट्कोनाने पाणी अडतं. मग घडून गेलेली गोष्ट परत फिरवणारी सर्वश्रेष्ठ मुद्रा सातच कोनांची का? सात हा आकडा शुभ मानतात म्हणून घेतलात का? आणि ती कुणालाच पुरी का आखता येत नाही?

उत्तर : शुभ-अशुभाचा इथे काही संबंध नाही. ‘हे चिन्ह सगळ्यांत थोर’ असं लेखकाने नुसतं सांगून टाकलं, की वाचक म्हणून माझं मन त्या गोष्टीतून उठतं. ते थोर का, हे त्याच्या रेषांतच दिसायला हवं. म्हणून मी आधी आखणकारांच्या हातातली साधनं ठरवली : खुंटी, दोरी आणि खुणा नसलेली सरळ पट्टी. शाळेतल्या भूमितीतली कंपास-पट्टीच ही.

मग या साधनांना काय जमत नाही ते शोधलं. तीन, चार, पाच, सहा कोनांच्या सुसम, म्हणजे सगळ्या बाजू आणि सगळे कोन सारखे असलेल्या, आकृत्या त्यांनी बिनचूक काढता येतात. सातावर सगळं अडतं. आठ आणि दहा पुन्हा जमतात. इतकंच काय, सतरा कोनांचीही जमते, हे जर्मन गणितज्ञ गाउसने 1796 साली अठरा वर्षांचा असताना शोधलं. सातांची मात्र जमणारच नाही, याची सिद्धता फ्रेंच गणितज्ञ पियेर वांत्सेलने 1837 मध्ये दिली. हात कितीही कसलेला असो, काही उपयोग नाही. नऊ, अकरा, तेरा हेही आकडे हटवादी आहेत, पण वाटेत पहिला आडवा येतो तो सात. त्रिकोणापासून एकेक पायरी चढत आलेला शिष्य पहिल्यांदा जिथे हरतो, तिथेच तमाळखंडातली सर्वांत मोठी शक्ती असायला हवी, असं मला मनापासून वाटलं.

आता माझ्या आखणकारांपैकी ईरा तिसऱ्या भागात माळावर जे करते ते पाहा. ती वर्तुळ आखते, परिघावरच्या एका बिंदूपासून त्याच दोरीने दोन्ही बाजूंना खूण करते, त्या दोन खुणांमधलं सरळ अंतर घेते आणि दोरी दुमडून त्याचं अर्धं करते. त्या अर्ध्या मापाने परिघावर सात पावलं टाकली की सप्तकोन जवळजवळ मिटतो. जवळजवळच. सुरुवातीच्या बिंदूपाशी पोचायला पाऊण अंशाहून किंचित जास्त अंतर उरतं. वहीतल्या पाच सेंटिमीटर त्रिज्येच्या वर्तुळात ही फट एक मिलिमीटरही भरत नाही, पेन्सिलीच्या रेघेतच बुजते. एक मीटर त्रिज्या घ्या, ती साधारण साडेतेरा मिलिमीटर होते. जादू शिरते ती या फटीतून. म्हणून माझे आखणकार सातवी मुद्रा पाटीवर कधीच काढत नाहीत, त्यांना मोकळा माळ लागतो. जितकी मोठी गोष्ट परत फिरवायची, तितकं मोठं वर्तुळ आणि तितकी रुंद फट. आणि जिथून काही आत येतं तिथून काही बाहेरही जातं : आखणाऱ्याची एक आठवण. कुठली, हे त्याला निवडता येत नाही. हा नियम मी ईरासाठीही सैल करणार नाही. तिला भाऊ परत मिळेल, त्याची किंमत तिला द्यावीच लागेल.

प्रश्न : कागदाला घड्या घालून सुसम सप्तकोन अगदी अचूक मिळतो, असं मी वाचलं आहे. मग तुमचा नियम मोडत नाही का? तमाळखंडात कागद नसला तरी कापड आहेच!

उत्तर : तुम्ही बरोबर जागी बोट ठेवलंत. घड्यांनी तो खरंच अचूक मिळतो. पट्टीवर दोन खुणा करून ती सरकवायची मुभा दिली तरी मिळतो. त्यासाठीच मी पट्टी कोरी ठेवली. कापड मात्र जाणूनबुजून ठेवलं आहे. पाचव्या भागात एक विणकर बाई चादरीच्या घड्यांतून बिनचूक सातवी मुद्रा काढेल. तिच्यात फट नसेल, म्हणून तिच्यातून काहीच येणार नाही, काहीच जाणार नाही. आखणकार तिला हसतील. पण ज्या गावाला या जादूपासून सुटका हवी आहे, त्याला ती चादर लागेल. एवढं आधीच सांगून टाकते, कारण प्रश्न इतका नेमका आहे की उत्तर राखून ठेवणं बरं दिसणार नाही.

प्रश्न : चित्रांमध्ये सात टोकांची चांदणी दोन तऱ्हांची दिसते. खरी कोणती?

उत्तर : दोन्ही. प्रत्येक बिंदूवरून पुढच्या दुसऱ्या बिंदूला रेघ नेली तर बोथट टोकांची चांदणी होते, तिसऱ्याला नेली तर अणकुचीदार. सहा टोकांच्या चांदणीत दोन सुटे त्रिकोण असतात. सातात मात्र दोन्ही वेळा रेघ सरळ टोकापासून टोकाकडे धावत, मध्ये न तुटता सगळ्या बिंदूंवरून फिरून येते. बोथट चांदणी दुसऱ्याचं कृत्य परत फिरवते, अणकुचीदार स्वतःचं. चौथ्या भागातल्या चित्रात ईराच्या पायाखाली कोणती आहे, ते पुन्हा पाहा.