भट्टीवरून परतलेल्या मुलाची जागा

प्रश्न : माझ्या वर्गातला सातवीचा कातकरी मुलगा तालुक्याच्या क्रीडास्पर्धेत पहिला आला. दिवाळीनंतर आईबाप त्याला घेऊन कोळसाभट्टीवर गेले आणि पुढची फेरी हुकली. काय करता आलं असतं? (शिक्षिका, माणगाव)

उत्तर : बरंच काही, बाई, आणि यंदा ते करता येईल. घरात मजुरीची आगाऊ उचल आलेली असते, तेव्हा ‘मुलाला मागे ठेवा’ एवढं सांगून भागत नाही. तो राहील कुठे, जेवेल कुठे, हे आधी ठरवावं लागतं. गणपती झाले की शाळा व्यवस्थापन समितीत विषय घ्या, हंगामी वसतिगृहाची मागणी करा. वाडीत आजी असेल तर तिच्याशी बोला. जावंच लागलं तर शिक्षण हमी पत्रक सोबत द्या, म्हणजे भट्टीजवळच्या शाळेत त्याला बसता येईल. आणि पावसाच्या तोंडावर तो परतला की संघातली त्याची जागा त्याला द्या. ‘सराव बुडाला’ हे कारण मला मान्य नाही.

प्रश्न : मुलगी अनवाणी धावते, म्हणून बाकीच्या हसतात. बूट लागतातच का? (पालक, मुरूड)

उत्तर : नियमात अनवाणी धावायला मुभा आहे. ओहोटीच्या वेळी ओल्या, घट्ट पुळणीवर सराव छान होतो. पुळण उतरती असल्याने दोन्ही दिशांना सारखंच धावावं. खडीच्या मैदानावर मात्र बूट हवेत, तेही तिच्या मापाचे. हसणं थांबवणं शिक्षकांचं काम आहे, त्यांना तसं स्पष्ट सांगा.

प्रश्न : आमच्या मंडळात कुणालाच मज्जाव नाही, तरी आदिवासीवाडीतली मुलं कबड्डीला येत नाहीत. (कार्यकर्ता, अलिबाग)

उत्तर : वाडीवर जाऊन कुणी बोलावलं का? मैदान तयार करायला, मांडव घालायला त्यांचे बाप मजुरीवर येतात. ते मैदान आपलंही आहे, असं मुलांना कशावरून वाटावं? फी माफ करा, रात्रीच्या सामन्यानंतर घरी सोडायला गाडी ठेवा, आणि संघ निवडताना वाडीतला एक जाणता खेळाडू सोबत बसवा. हे शेवटचं टाळलंत तर बाकीचं फार टिकणार नाही.

प्रश्न : मी कातकरी, जिल्ह्याकडून कबड्डी खेळतो. ९ ऑगस्टला, जागतिक आदिवासी दिनी, सत्कार होतात. वाडीतल्या पोरांसाठी काय करू? (खेळाडू, पेण)

उत्तर : दादा, तुझ्या प्रश्नाने फार बरं वाटलं. १९२८च्या ॲमस्टरडॅम ऑलिंपिकमध्ये हॉकी संघाचे कर्णधार असलेले जयपालसिंग मुंडा पुढे संविधान सभेत आदिवासींसाठी बोलले. ऑस्ट्रेलियाच्या आदिवासी धावपटू कॅथी फ्रीमन यांनी २००० साली सिडनीत ४०० मीटरचं सुवर्ण जिंकलं, आणि २००७ मध्ये संस्था काढली ती मुलांच्या शिक्षणासाठी.

तू चषकांची मोठी स्पर्धा भरवू नकोस. संध्याकाळी उजेड असताना रोज तासभर खेळ घे, म्हणजे मुलींनाही येता येईल. दुसरं काम कागदांचं. शालेय स्पर्धांचे गट १४, १७, १९ वर्षांखालचे. वयाचा पुरावा नसला की चांगलं पोर दारातूनच परत फिरतं. भट्टीवर जन्मलेल्यांची नोंद अनेकदा राहून जाते, आणि वर्ष उलटलं की दंडाधिकाऱ्यांचा आदेश लागतो. सत्काराला पुढारी आणि अधिकारी आले की वाडीतल्या अशा मुलांची यादी त्यांच्या हातात दे आणि दाखले कधी मिळतील, ते तिथेच विचार.